एका प्रकाराचा शिक्का की सगळं थोडं थोडं? रेणू सलुजांच्या कारकिर्दीवरून एक उत्तर

चित्रपट संकलनाचा (एडिटिंगचा) अभ्यासक्रम नुकताच संपवलेल्या एका मुलाचा प्रश्न आहे. दोन लघुपट आणि एक माहितीपट त्याने कापलाय. सीनियर त्याला सांगतात, एक प्रकार धर, थ्रिलर म्हण नाहीतर कॉमेडी, आणि त्यातच नाव कर. त्याचं म्हणणं, मग संकलक रेणू सलुजांना सगळं कसं जमलं, आणि तशी कारकीर्द आज होऊ शकते का? शिवाय हातात दोन कामं आहेत: एका क्राइम सिरीजवर दुसरा संकलक, किंवा एका नव्या दिग्दर्शकाच्या लहानशा चित्रपटावर एकटा संकलक. यातलं कुठलं घेऊ?

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर शेवटी देतो, कारण ते आधीच्या दोन्हींवर अवलंबून आहे.

सीनियर सांगतात त्यात व्यवहार आहे. निर्माता संकलक शोधतो तेव्हा मागचं काम बघतो. मागचं काम थ्रिलर असेल तर त्याच्या डोक्यात तू थ्रिलरवाला. एवढ्यावर कामं मिळतातही, काही वर्षं बरी जातात. पण ज्या बाईंचं नाव तू घेतलंस त्यांच्या चित्रपटांची यादी वर्षांनुसार लावून बघ. मला त्यात असं दिसतं की प्रकार निवडायच्या भानगडीत त्या पडल्याच नाहीत. त्यांनी माणसं धरून ठेवली, आणि ती माणसं स्वतःच बदलत गेली.

१९८३ पासून सुरुवात करू, कारण तुझ्या प्रश्नाचं निम्मं उत्तर त्या एका वर्षात आहे. कुंदन शहांचा ‘जाने भी दो यारो’ आणि गोविंद निहलानींचा ‘अर्धसत्य’ हे दोन्ही त्या वर्षीचे, आणि दोन्हींचं संकलन रेणू सलुजांचं. एकात प्रेताला साडी नेसवून महाभारताच्या रंगमंचावर द्रौपदी करून उभं केलंय. दुसऱ्यात अनंत वेलणकर नावाचा सबइन्स्पेक्टर दीड-दोन तास आतल्या आत धुमसतो. एकाच माणसाने हे दोन्ही कापले असं सांगितलं तर विद्यार्थ्यांचा विश्वास बसत नाही. कुठलं तरी एक खरं आणि दुसरं पोटापाण्याचं असणार, असं त्यांना वाटतं.

‘जाने भी दो यारो’मधला ओम पुरींचा आहुजा आठव. दारूच्या नशेत तो रस्त्यावरच्या शवपेटीला बंद पडलेली गाडी समजतो आणि आतल्या प्रेताशी गप्पा मारत बसतो. सीन चालतो तो एकाच कारणाने: आत प्रेत आहे हे आपल्याला माहीत आहे आणि त्याला नाही. हे असं असलं की संकलकाने घाई करायची नसते. शॉट लांबवता येतो, माणूस अज्ञानात जितका रमेल तितकं आपल्याला हसू येतं. तिथे दर वाक्याला क्लोजअप टाकत गेलं तर आहुजा आणि प्रेत एकत्र दिसणं बंद होतं, आणि ते दोघं एकत्र दिसणं हाच विनोद आहे. महाभारताच्या प्रसंगात हेच दहापट वाढतं. बिल्डर, संपादिका, दोन फोटोग्राफर, प्रत्येकजण त्या एका प्रेतासाठी स्टेजवर घुसलेला, प्रत्येकाला वेगळी भूमिका वठवावी लागतेय, आणि खरे नट हवालदिल. कोण कुठे उभा आहे आणि कोणाला काय हवंय हे प्रेक्षकाच्या डोक्यातून एक क्षण जरी निसटलं तर उरतो नुसता गोंधळ. गोंधळ बघून कोणी हसत नाही. गोंधळ कळला तरच हसू येतं.

आणखी एक. अनुपम खेर यांनी त्या चित्रपटात डिस्को किलर नावाचं पात्र केलं होतं. अंतिम चित्रपटात ते कुठेच नाही. पात्र गमतीदार असेल, सीनही असतील, पण संपूर्ण चित्रपटाच्या धावेत ते बसतं की नाही हा वेगळाच हिशोब असतो. विनोदी चित्रपटात चांगला सीन काढणं हे वाईट सीन काढण्यापेक्षा कितीतरी अवघड, कारण एडिट रूममध्ये त्यावर सगळे हसलेले असतात.

आता ‘अर्धसत्य’. मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरांची, आणि मधोमध दिलीप चित्रे यांची एक कविता. इथे आपल्याला वेलणकरपेक्षा जास्त काहीच माहीत नसतं. त्याला जेवढं कळतं तेवढंच आणि तेव्हाच आपल्याला कळतं. म्हणून इथे शॉट लांबतो तो वेगळ्या कारणाने. समोरच्याचं वाक्य संपल्यावर ओम पुरींच्या चेहऱ्यावर थोडं जास्त थांबायचं, कारण ते वाक्य आत उतरायला जो वेळ लागतो त्यातच चित्रपट घडतोय. शेवटी तो रामा शेट्टी या गुंड पुढाऱ्याकडे मदत मागायला जातो आणि जे करून बसतो, ते अचानक होतं तरी त्याचा धक्का बसत नाही. आधीच्या सगळ्या अपमानांनी ते साठवत आणलेलं असतं. एखाद्या अपमानाच्या सीनमधून संकलक दोन सेकंद लवकर बाहेर पडला असता तर तिथे तेवढं कमी साठलं असतं.

मला सांगायचंय ते इथे आहे. प्रेक्षकाला या क्षणी पात्रापेक्षा जास्त माहीत आहे, तेवढंच आहे, की कमी आहे? एवढा एक प्रश्न घेऊन तू कुठल्याही प्रकारच्या चित्रपटावर बसू शकतोस. विनोद, थरार, करुणा, या सगळ्यांचं यंत्र त्या फरकावर चालतं. ज्याला थ्रिलरचे कट पाठ आहेत त्याला फक्त थ्रिलर कापता येतो. ज्याला हा हिशोब कळतो त्याला प्रकार बदलल्याने फारसं काही बिघडत नाही.

‘परिंदा’ घे, १९८९चा, विधू विनोद चोप्रांचा. दादरच्या कबुतरखान्यापाशी प्रकाश आणि करण हे दोन मित्र भेटतात आणि प्रकाश गोळ्यांनी मारला जातो. थरारपट कापणारा नवखा माणूस इथे वेगाच्या मागे लागेल. पण त्या प्रसंगात भीती येते ती कबुतरांमुळे. त्यांचं जमिनीवर निवांत टिपत असणं, मग एकदम उडणं, पंखांचा तो आवाज. काहीतरी होणार हे आपल्याला कळलेलं असतं आणि मित्रांना कळलेलं नसतं. म्हणजे आहुजाच्या सीनचीच मांडणी, फक्त इथे हसू येत नाही, पोटात गोळा येतो. सहा वर्षांपूर्वी विनोदात वापरलेलं कौशल्य थरारात तसंच्या तसं लागू पडलेलं दिसतं. त्यात आवाजाचं संकलन किती काम करतंय ते बघायचं असेल तर तो प्रसंग एकदा आवाज बंद करून बघ. चित्र तेच, पण निम्मा जीव गेलेला असतो.

‘परिंदा’साठी रेणू सलुजांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नंतर आणखी तीन मिळाले: ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’. ही चार नावं शेजारीशेजारी ठेवली की बहुविधता म्हणजे काय हे वेगळं समजवावं लागत नाही. ‘धारावी’त टॅक्सीवाल्याच्या रोजच्या आयुष्यात माधुरी दीक्षितची स्वप्नं मिसळलेली आहेत. तिथे संकलकाची खरी परीक्षा स्वप्नाच्या दारात होते, आत शिरताना आणि विशेषतः बाहेर पडताना. ‘सरदार’मध्ये तर निकाल सगळ्यांना शाळेपासून पाठ. फाळणी होणार, संस्थानं विलीन होणार. मग ताण कुठून आणायचा? खोलीत बसून बोलणाऱ्या माणसांच्या चेहऱ्यांतून. बोलणाऱ्यापेक्षा ऐकणारा कधी दाखवायचा, एवढ्यावर असे सीन उभे राहतात किंवा पडतात. संवादाचे सीन कापणं सोपं असतं असं समजणारे लोक मला दर वर्षी भेटतात. दोन माणसं टेबलाशी बसून बोलतायत असा पाच मिनिटांचा सीन त्यांना कापायला द्यावा, मारामारीपेक्षा जास्त घाम फुटतो.

१९९४च्या आसपासचा त्यांचा काळ तर अजब आहे. शाहरुख खानचा ‘कभी हां कभी ना’, ‘१९४२: अ लव्ह स्टोरी’ आणि ‘बँडिट क्वीन’. या तिघांत एकही धागा समान नाही. हलकीफुलकी, हरणाऱ्या नायकाची गोष्ट, आर. डी. बर्मनच्या गाण्यांनी भरलेली भव्य प्रेमकथा, आणि बघताना मान फिरवावीशी वाटेल असं वास्तव.

गाण्यांबद्दल थोडं थांबतो, कारण नवीन मुलं तिथेच फसतात. वर जो माहितीचा हिशोब सांगितला तो गाण्यात बंद पडतो. गाण्यात कोणाला काही नवीन कळत नाही, गोष्ट उभी राहिलेली असते. शूटिंग प्लेबॅकवर, म्हणजे आधी रेकॉर्ड केलेल्या गाण्यावर झालेलं असतं, त्यामुळे सगळे टेक एकमेकांशी सिंकमध्ये, म्हणजे जुळलेले असतात आणि कुठूनही कुठेही कट मारता येतो. हीच अडचण. सगळं शक्य असलं की माणूस तालावर कट मारत सुटतो, दर ठेक्याला एक. पहिला अंतरा संपेपर्यंत प्रेक्षकाच्या डोळ्यांना ते कळून चुकतं आणि पुढे काही बघावंसं वाटत नाही. ओळीच्या श्वासावर कट बघ, सम टाळून बघ, नजर वळते तिथे बघ. वाद्यमेळाच्या तुकड्यात जागा घे आणि शब्द चालू असताना चेहरा मोकळा सोड. कधी कधी अख्खी ओळ एका शॉटमध्ये जाऊ दे. गाणं नीट कापायला शिकलेल्या माणसाला पुढे कुठल्याही सीनची लय ऐकू येते. म्हणून कलात्मक चित्रपट करायचेत तर गाण्यांशी काय घेणंदेणं, असं म्हणणाऱ्यांशी माझं कधीच पटलेलं नाही.

पुढची नावं भराभर सांगतो: एका रात्रीत घडणारा सुधीर मिश्रांचा ‘इस रात की सुबह नहीं’, सुभाष घईंचा ‘परदेस’, नागेश कुकुनूरचा पहिला छोटासा चित्रपट ‘हैदराबाद ब्लूज’, कमल हासनचा ‘हे राम’. मोठ्या बॅनरचं काम आणि कोणी ओळखत नसलेल्या मुलाचं काम मागेपुढेच झालेलं. ‘हे राम’ २००० सालच्या फेब्रुवारीत आला आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये त्या गेल्या. वय ४८. पाव शतकाच्या आतली कारकीर्द.

आता हे घडलं कसं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून १९७६मध्ये त्या बाहेर पडल्या. कुंदन शहा, सईद मिर्झा, विधू विनोद चोप्रा ही त्याच काळातली, तिथलीच माणसं. संकलनात तेव्हा बायका हाताच्या बोटांवर मोजण्याएवढ्या. इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचा विद्यार्थी दुसऱ्याच्या डिप्लोमा फिल्म कापतो, म्हणजे पहिल्या दिवसापासून परक्या डोक्यात शिरायची सवय लागते. मग त्या मित्रांनी चित्रपट केले आणि त्यांच्या टेबलावर त्याच बसल्या. सईद मिर्झांचे ‘अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है’ आणि ‘मोहन जोशी हाजिर हो’, कुंदनचे ‘जाने भी दो यारो’ आणि ‘कभी हां कभी ना’, विधू विनोदचे तर सुरुवातीपासून. प्रत्येक दिग्दर्शकाचा पुढचा चित्रपट मागच्यासारखा नव्हता, आणि विश्वास मात्र आधीचाच होता. ‘परिंदा’ करणाऱ्याने ‘१९४२’साठी नवा ‘रोमँटिक संकलक’ शोधला नाही, यातच सगळं आलं.

तेव्हाचं काम फिल्मवर. ३५ एमएमच्या एका फुटात १६ फ्रेम, सेकंदाला २४, म्हणजे मिनिटाला ९० फूट. हजार फुटांचं रीळ अकरा मिनिटांत संपतं. कट मारायचा म्हणजे खरोखर पट्टी कापून टेपने जोडायची. बदलायचा तर टेप सोडवून पुन्हा. एखादा तुकडा हवा असेल तर सहाय्यक रीळ फिरवत बसे. हे सगळं गेलं याचं मला फार दुःख नाही, मान आणि पाठ दोन्ही सुखावल्या. एक गोष्ट मात्र गेली तिचा तुझ्या प्रश्नाशी संबंध आहे. सहाय्यक संकलकाच्या शेजारी बसत असे. कुठला टेक नाकारला, दिग्दर्शकाशी वाद कशावरून झाला, तो वाद कसा मिटला, हे सगळं त्याच्या कानावर पडे. चार-पाच वेगवेगळ्या चित्रपटांवर असं बसलं की प्रकारांची भीती आपोआप जाई. आज सहाय्यक दुसऱ्या खोलीत, कधी दुसऱ्या शहरात. त्याला ड्राइव्ह मिळते, तो चित्र-आवाजाचा सिंक लावतो, बिन (शॉट लावून ठेवायचे फोल्डर) तयार करतो, पाठवून देतो. कट बदलला हे त्याला टाइमलाइन उघडल्यावर कळतं, का बदलला ते कळतच नाही. तुला सहाय्यकाचं काम मिळालं तर पैशांआधी विचार, खोलीत बसू देणार का.

आज तशी कारकीर्द होऊ शकते का? होते. ए. श्रीकर प्रसाद यांच्याकडे बघ: तेलुगू, तमिळ, मल्याळम, हिंदी, अगदी आसामी चित्रपटसुद्धा त्यांनी संकलित केलेत. परक्या भाषेत काम करताना तर शब्दांचा आधारही कमी होतो, चेहरा आणि श्वास यांवर विसंबावं लागतं. ब्रिटिश संकलक अ‍ॅन कोट्स यांनी १९६२मध्ये ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ केला आणि १९८०मध्ये ‘द एलिफंट मॅन’. १९९८च्या ‘आउट ऑफ साइट’साठी त्यांना ऑस्करचं नामांकन होतं, तेव्हा त्या सत्तरी ओलांडलेल्या होत्या. तेव्हा बाजार माणसाला डब्यात घालतोच, पण सगळे त्या डब्यात राहत नाहीत.

डब्यातून बाहेर पडायचं कसं, यावर माझं मत जरा रोखठोक आहे. शोरील बनवू नकोस. शोरील म्हणजे चांगले दिसणारे शॉट संगीतावर पळवलेले, त्यात छायाचित्रकाराचं काम दिसतं, तुझं लपतं. त्याऐवजी दोन अखंड सीन दाखव, एकमेकांपासून शक्य तितके लांबचे. एक संवादाचा, एक ज्यात कोणी बोलत नाही. जाणत्या दिग्दर्शकाला त्या सात-आठ मिनिटांत कळतं.

तुझा माहितीपट तुला वाटतो त्यापेक्षा मोठं भांडवल आहे. माहितीपटात पटकथा टेबलावर लिहिली जाते. तासन्‌तासांच्या मुलाखती ऐकून, उतरवून, कागदावर जुळवून गोष्ट कुठून सुरू होते ते तुला शोधावं लागलं असणार. पुढे एखाद्या कथापटाचा उत्तरार्ध कोसळला, आणि तो बहुतेक चित्रपटांत कोसळतोच, तेव्हा हीच सवय कामाला येते. जाहिरातींचंही तसंच. ३० सेकंद म्हणजे सेकंदाला २५ फ्रेमच्या वेगाने ७५० फ्रेम, त्यात तीन फ्रेमचा फरक उघड दिसतो. वर्षातून थोडं ते काम कर, डोळा तयार होतो. फार केलंस तर मात्र सगळंच ३० सेकंदांसारखं कापायला लागशील.

तयार संगीत उचलून रफ कटवर, म्हणजे कच्च्या कटवर टाकायची सवय असेल तर ती सोड. दुसऱ्या चित्रपटाचं संगीत टाकलं की आपला सीन त्या चित्रपटासारखा वाटायला लागतो, दिग्दर्शकालाही तसाच आवडायला लागतो, आणि तू नकळत त्या प्रकाराचा साचा उचललेला असतोस. पहिला कट संगीताशिवाय उभा राहायला हवा. नाही राहिला तर दोष कुठे आहे ते तरी दिसतं.

याची किंमतही आहे. अमुक यांचा कट म्हणून चटकन ओळखू येईल अशी खूण तुझ्या कामावर राहणार नाही. पार्टीत कोणी म्हणणार नाही की हा कट तुझाच दिसतो. पैशांच्या बाबतीत एका प्रकारात बसलेल्या माणसाचा भाव लवकर वाढतो, तुझा सावकाश वाढेल, आणि मधली दोन-तीन वर्षं त्रासाची जातात. घरच्यांना हे आधी सांगून ठेवलेलं बरं.

आता तुझी दोन कामं. सिरीजवर दुसरा संकलक म्हणून शिकायला मिळतं ते शिस्तीचं: अनेक भाग, अनेक हात, आणि तरी सगळं एकाने कापल्यासारखं दिसायला हवं. पैसे वेळेवर येतात. पण लय कोणी तरी आधीच ठरवलेली असते आणि क्राइमचा शिक्का मोफत मिळतो. नव्या दिग्दर्शकाच्या चित्रपटावर पैसे कमी, रात्री जास्त, आणि चित्रपट प्रदर्शित होईलच असं नाही. तरी मी छोटा चित्रपट घे म्हणेन, एका अटीवर. त्या दिग्दर्शकाला आधी भेट आणि त्याला पुढचा चित्रपट कुठला करायचाय ते विचार. याच चित्रपटाचा दुसरा अवतार त्याच्या डोक्यात असेल तर खुशाल सिरीज घे. काहीतरी वेगळंच, अर्धवट, त्यालाही नीट सांगता न येणारं असेल, तर त्याच्याबरोबर बस. घेण्याआधी तीन गोष्टी लेखी घे: श्रेयनामावलीत एकट्याचं नाव, पिक्चर लॉकपर्यंत (चित्राचे कट पक्के होईपर्यंत) कटच्या किती फेऱ्या करायच्या तो आकडा, आणि शूटिंगच्या पहिल्या दिवसापासून रशेस, म्हणजे त्या दिवशीचं कच्चं चित्रण, रोजच्या रोज तुझ्याकडे येतील ही हमी. तिसरीवर तो कुरकुर करेल, ड्राइव्हचा खर्च काढेल. पहिल्या दोन्हींत घासाघीस चालेल, तिसरीत नको.